पन्नाशीतला श्रीगणेशा

(मंडळाच्या गणेशोत्सवातील व्याख्यानमालेत झालेल्या भाषणाचे शब्दांकन. वक्ते राष्ट्रीयीकृत बँकेतून निवृत्त झालेले अधिकारी असून १९९६ पासून बंगळुरात वास्तव्यास आहेत.)



आरतीनंतर आणि जेवणाआधी भाषण करायला उभं राहणं म्हणजे मोठं धाडसाचं काम. आतून मसालेभाताचा वास येतोय, आणि तुमचं अर्धं लक्ष तिकडे आहे याची मला पूर्ण कल्पना आहे. तेव्हा जास्त वेळ घेणार नाही. अर्थात असं म्हणणारे वक्तेच जास्त वेळ घेतात, हाही तुमचा अनुभव असेल.

विषय मी निवडलेला नाही. मंडळाची तरुण मंडळी घरी आली आणि म्हणाली, "काका, आमच्या कंपन्यांमध्ये सध्या रोज एकच जप चाललाय. अपस्किलिंग करा, रिस्किलिंग करा. नवीन शिका, नाहीतर मागे पडाल. तुमच्या वेळी बँकेत कॉम्प्युटर आले, तेव्हा तुम्ही काय केलंत ते सांगा." मी म्हटलं, "सांगतो. पण जे चुकलं तेही सांगेन, चालेल का?" ते हो म्हणाले, म्हणून मी इथे उभा आहे.

आपल्याकडे पूर्वी मुलाला शाळेत घालताना पाटीवर पहिलं वाक्य गिरवून घ्यायचे, ते 'श्री गणेशाय नमः'. त्यावरून कुठल्याही गोष्टीच्या आरंभाला आपण श्रीगणेशा म्हणायला लागलो. सहाव्या वर्षी हा श्रीगणेशा सोपा असतो. काही येत नसतं, आणि येत नाही याची लाजही नसते. पन्नासाव्या वर्षी तोच श्रीगणेशा फार अवघड जातो, कारण तोवर आपल्याला बरंच काही येत असतं. आज मला बोलायचंय ते या अवघडपणाबद्दल.

मी १९७५ साली कोल्हापूर जिल्ह्यातल्या एका शाखेत क्लार्क म्हणून लागलो. पुढे अधिकारी झालो आणि १९९६ साली बदली होऊन इकडे आलो. घरी सगळे हळहळले, एवढ्या लांब कसं जमणार म्हणून. मी म्हटलं, शहाजीराजांना बंगळूरची जहागीर मिळाली त्याला साडेतीनशे वर्षं होऊन गेली, मराठी माणूस इथे काही पहिल्यांदा येत नाहीये.

आमची शाखा चिकपेठेजवळ होती. कापडाचे व्यापारी, सराफ, छोटे दुकानदार, आणि पेन्शनर. त्या शाखेत एक हेड क्लार्क होते. त्यांचं नाव इथे सांगत नाही. लहानथोर सगळे त्यांना अण्णा म्हणायचे. कन्नडमध्येही थोरला भाऊ तो अण्णाच, त्यामुळे मला ते पहिल्या दिवसापासून घरचे वाटले.

आजच्या मुलांनी लेजर पाहिलेलं नसेल. दोन्ही हातांनी उचलावं लागेल असं जाडजूड, कापडी बांधणीचं पुस्तक. प्रत्येक खात्याला एक पान, त्याला फोलिओ म्हणायचं. चेक आला की टोकन द्यायचं, लेजर उघडायचं, शिल्लक बघायची, नोंद करायची, नवी शिल्लक काढायची, मग अधिकारी सही पडताळून पास करणार, मग कॅशियर पैसे देणार. बचत खात्याच्या व्याजाचा नियमही वेगळा होता. महिन्याच्या दहा तारखेपासून अखेरपर्यंत जी सर्वांत कमी शिल्लक असेल तिच्यावर व्याज मिळायचं. दररोजच्या शिलकीवर व्याज द्यायला १ एप्रिल २०१० पासून सुरुवात झाली. पूर्वी सहामाही व्याज काढायचं म्हणजे प्रत्येक पानावरच्या सहा महिन्यांच्या सहा शिलका डोळ्यांनी शोधायच्या. हजारो पानं असायची. ते दिवस आले की आमच्या बायका समजून जायच्या की नवरा आता रात्री नऊच्या आत घरी येत नाही.

आणि मग बॅलन्सिंग. सगळ्या खात्यांची बेरीज जनरल लेजरशी जुळली पाहिजे. एक रुपयाचा फरक असला तरी तो शोधायचा. इथे अण्णांचं राज्य सुरू व्हायचं. पेन्सिल कानावर अडकवून ते रकान्यावरून नुसतं बोट फिरवायचे आणि खाली बेरीज लिहायचे. फरक निघाला की पहिला प्रश्न, "नऊने भाग जातो का?" भाग गेला तर बहुधा कुणीतरी दोन आकडे उलटे लिहिलेत, म्हणजे ५४ च्या जागी ४५. नाही गेला, तर फरक निम्मा करायचा आणि तेवढ्या रकमेचं व्हाउचर शोधायचं. जमेची नोंद नावे पडली असेल तर फरक बरोबर दुप्पट येतो. ही युक्ती आम्हा सगळ्यांना माहीत होती, पण अण्णा त्यावरून पाच मिनिटांत पानापर्यंत पोचायचे. पंचवीस वर्षांत त्यांच्या हातून झालेली एकही चूक दुसऱ्या दिवसापर्यंत राहिली नव्हती. हा त्यांचा अभिमान होता, आणि तो खरा होता.

मग कॉम्प्युटर आले. एका रात्रीत आले असं मात्र समजू नका. बँक व्यवस्थापन आणि कर्मचारी संघटना यांच्यात यांत्रिकीकरणाचा पहिला मोठा करार १९८३ साली झाला. डॉ. सी. रंगराजन यांच्या समितीने १९८४ मध्ये बँकांच्या संगणकीकरणाचा आराखडा दिला, पुढे १९८९ मध्ये दुसरा अहवाल आला. संघटनांचा विरोध होता, मीही मोर्च्यात घोषणा दिल्या आहेत. पुढे १९९३ साली आणखी एक करार झाला. म्हणजे पहिल्या करारापासून आमच्या शाखेतल्या टेबलावर मशीन येईपर्यंत जवळजवळ पंधरा वर्षं गेली. एवढा वेळ हातात होता. त्या वेळात आम्ही भांडलो भरपूर, शिकलो मात्र काही नाही.

आमच्या शाखेत १९९९ साली मशीन बसली. प्रशिक्षणाची जबाबदारी माझ्याकडे होती. वरून पत्र आलं, प्रत्येक कर्मचाऱ्याला तीन दिवसांचं प्रशिक्षण द्या. मी यादी केली, अण्णांचं नाव वरच लिहिलं, आणि त्यांना प्रशिक्षण केंद्रावर पाठवलं. तिथे एक तरुण इंजिनियर इंग्रजीतून पडद्यावर चित्रं दाखवत होता. हा मॉनिटर, हा कीबोर्ड, हा सर्व्हर. तीन दिवसांनी सगळ्यांना सर्टिफिकेट मिळालं, ग्रूप फोटो झाला. अण्णा परत आले, तर त्यांच्या टेबलावर मशीनच नव्हतं. ते आलं दोन महिन्यांनी. तोवर शिकलेलं सगळं विसरायला झालं होतं.

मशीन आल्यावर अण्णा एका बोटाने एक-एक कळ शोधून दाबायचे. समोर रांग वाढायची. ज्यांनी आयुष्यभर 'अण्णांची खिडकी लवकर हलते' म्हणून रांग धरली, तेच व्यापारी आता शेजारच्या पोराच्या खिडकीकडे सरकायला लागले. एक दिवस त्या पोराने हसून काहीतरी म्हटलं. फार वाईट नव्हतं ते, पण अण्णांच्या कानावर गेलं. त्यांनी मान वर केली नाही.

मग मी काय केलं? मी त्यांना आवक-जावकच्या टेबलावर बसवलं. आलेली पत्रं रजिस्टरमध्ये लिहायची, तिकिटं लावायची. मला अगदी प्रामाणिकपणे वाटत होतं की मी त्यांच्यावर उपकार करतोय. त्रास वाचवला, रांगही हलली, सगळ्यांची सोय झाली. अण्णा काही बोलले नाहीत. दुसऱ्या दिवसापासून पेन्सिल कानावर दिसेनाशी झाली, एवढंच.

२०००-०१ मध्ये सार्वजनिक क्षेत्रातल्या बँकांची स्वेच्छानिवृत्ती योजना आली. पंधरा वर्षं नोकरी किंवा वयाची चाळीस वर्षं पूर्ण असलेल्यांसाठी. देशभरात सुमारे एक लाख लोक त्या योजनेत बाहेर पडले. त्यातल्या अनेकांना पैसे हवे होते, कुणाला धंदा काढायचा होता, कुणाची तब्येत बरी नव्हती. पण कॉम्प्युटरला घाबरून गेलेलेही काही कमी नव्हते. अण्णांनी अर्ज दिला तेव्हा ते बावन्न वर्षांचे होते. निरोपसमारंभात मी भाषण केलं. त्यांच्या निष्ठेचं कौतुक केलं, शाल घातली, चांदीची गणेशमूर्ती दिली. आज सांगायला हरकत नाही, त्या शालीखाली मी माझी जबाबदारी झाकत होतो, हे मला तेव्हा कळलं नाही.

आता तुम्ही म्हणाल, हे साहेब स्वतः मोठे कॉम्प्युटर शिकलेले असतील. तर ऐका.

मला काहीही येत नव्हतं. फरक एवढाच, की मी अधिकारी होतो, त्यामुळे मला लपायला जागा होती. क्लार्कने नोंद करायची आणि अधिकाऱ्याने ती स्वतःच्या पासवर्डने पास करायची, अशी पद्धत. मी माझा पासवर्ड एका तरतरीत मुलीला सांगून ठेवला होता. वडील नोकरीत असताना वारले म्हणून ती बँकेत लागलेली, सव्वीस-सत्तावीस वर्षांची. मी कागदी व्हाउचरवर सही करायचो, आणि मशीनवरचं माझं काम तीच करून टाकायची. बँकेतली मंडळी इथे बसलीत, त्यांच्या अंगावर काटा आला असेल. यायलाच हवा. पासवर्ड दुसऱ्याला देणं म्हणजे तिजोरीची किल्ली देण्यासारखंच. पण तेव्हा हे बऱ्याच शाखांत चालायचं, आणि त्याचं कारण आळस नव्हतं. कारण लाज होती.

२००५ साली एका संध्याकाळी दिवसअखेरचे कागद तपासताना एक नोंद दिसली. अठरा हजार रुपये भलत्याच खात्यात जमा झाले होते, आणि पास करणाऱ्याच्या जागी माझं नाव होतं. ते व्हाउचर मी पाहिलंही नव्हतं. गडबडीत झालेली साधी चूक होती, त्याच संध्याकाळी दुरुस्त झाली. पण ती मुलगी भीतीने रडायला लागली. तिला वाटलं आता तिची नोकरी जाणार. मी बावन्न वर्षांचा होतो, आणि माझ्या अज्ञानाचा भार एका सत्तावीस वर्षांच्या पोरीने वाहिला होता. बावन्न म्हटल्यावर अण्णा आठवले. त्या रात्री झोप आली नाही.

सकाळी मी साडेआठला शाखेत गेलो. ती नेहमी लवकर यायची. इकडे मुलीलाही मायेने अम्मा म्हणतात. मी म्हटलं, "अम्मा, आधी माझा पासवर्ड मी बदलतो. तो कसा बदलायचा तेवढं शिकव." तिला वाटलं मी रागावलोय. मी खुर्ची ओढून तिच्या शेजारी बसलो आणि म्हटलं, "मला काही येत नाही. रोज सकाळी अर्धा तास देशील?" हे एक वाक्य बोलायला मला सहा वर्षं लागली होती, बरं का. बोलून झाल्यावर मात्र एकदम हलकं वाटलं.

तिने मला दीड महिन्यात तयार केलं. पुस्तक नाही, फळा नाही. त्या दिवसाचं जे खरं काम असेल तेच समोर घ्यायचं. ती करून दाखवायची, मग हात मागे घेऊन म्हणायची, "आता तुम्ही करा सार." मी चुकलो की थांबायची. कीबोर्ड माझ्या हातातून कधीही ओढून घ्यायची नाही. इथे जे कुणी आईवडिलांना मोबाइल शिकवतात त्यांनी हे ऐकून ठेवावं. तुम्ही फोन हातातून ओढून घेता, दोन सेकंदांत टकटक करून परत देता आणि म्हणता, "बघ, झालं." झालं तुमचं. आमचं काय झालं?

पुढच्याच वर्षी, २००६ साली, आमची शाखा कोअर बँकिंगमध्ये गेली. तोवर प्रत्येक शाखेचं मशीन स्वतंत्र होतं. आता सगळ्या शाखांची खाती एकाच मध्यवर्ती यंत्रणेत जाणार होती. आज तुम्ही बंगळुरात बसून सांगलीच्या खात्यातले पैसे काढता, ते त्यामुळेच. चालू खात्यांची माहिती जुन्या मशीनमधून उचलली गेली. पण वर्षानुवर्षं ज्यांत व्यवहार झाला नाही अशी सात-आठशे खाती अजून जुन्या लेजरातच होती. ती हाताने भरायची होती. शनिवारी संध्याकाळी बसलो. रात्री अकराला बेरीज घेतली, आणि २,७०० रुपये कमी!

मुलं दमलेली होती. एक म्हणाला, सगळी खाती पुन्हा तपासू या. म्हणजे सकाळच झाली असती. माझा हात आपोआप कानाकडे गेला, तिथे पेन्सिल नव्हती. मी म्हटलं, "थांबा. नऊने भाग जातो का?" गेला. नवत्रिक सत्तावीस, उत्तर आलं ३००. म्हणजे हजार आणि शतक या दोन स्थानांतले अंक उलटे पडलेत, आणि त्या दोन अंकांत तीनचा फरक आहे. बेरीज कमी आलीय, म्हणजे चुकून भरलेल्या आकड्यात शतकाचा अंक हजाराच्या अंकापेक्षा तीनने मोठा असणार. हे मी सांगितलं आणि त्या मुलीचे डोळे चमकले. तिने भरलेल्या सगळ्या शिलका एका तक्त्यात घेतल्या आणि नेमकी अशीच खाती वेगळी काढायला मशीनला सांगितलं. पन्नासेक राहिली. ती पन्नास आम्ही लेजराशी ताडून पाहिली. वीस मिनिटांत सापडलं. लेजरात १६,३५२ होते, आणि भरले होते १३,६५२.

पोरांनी टाळ्या वाजवल्या. मी एकट्याने शोधायला बसलो असतो तर मला रात्र पुरली नसती. ती एकटी बसली असती तर काय शोधायचं हे तिला कळलं नसतं. आमच्या दोघांच्या मध्ये एक तिसरा माणूस बसलेला होता, आणि तो पाच वर्षांपूर्वी शाल घेऊन घरी गेला होता.

पुढच्या रविवारी मी अण्णांच्या घरी गेलो. मल्लेश्वरमला राहायचे. कॉफी झाली, २,७०० ची गोष्ट सांगितली. खूप हसले. म्हणाले, "हजार-शतक ना? मी झोपेत सांगितलं असतं, सार." मग मी जे विचारायला गेलो होतो ते विचारलं. "अण्णा, तुम्हाला शिकायचंच नव्हतं का?"

त्यांनी कप खाली ठेवला. म्हणाले, "शिकायचं होतं. पण मला एकच भीती होती. लेजरात मी चुकलो तर माझी चूक मला दिसते, लाल शाईने दुरुस्त करता येते, खाली माझी सही असते. या मशीनमध्ये चुकीची कळ दाबली तर काय होतं? कुणा गरिबाचे पैसे गेले तर ते परत कसे आणायचे? तीन दिवस मी वाट बघत होतो, कुणीतरी हे सांगेल म्हणून. त्यांनी कळ कुठली दाबायची ते सांगितलं. चुकीची दाबली तर काय करायचं, ते कुणीच सांगितलं नाही."

मंडळी, याचं उत्तर त्या मशीनमध्येच होतं. ठरावीक रकमेवरची नोंद अधिकाऱ्याने पास केल्याशिवाय पक्की होतच नव्हती. चुकीची नोंद उलटवता येत होती, आणि कुणी, कधी, काय केलं याची खूण मागे राहत होती. लाल शाई तिथेही होती, फक्त दिसत नव्हती. पाच मिनिटांत सांगण्यासारखी गोष्ट. ती न सांगितल्यामुळे शाखेने पंचवीस वर्षांचं शहाणपण गमावलं. आणि मी त्यांच्या गप्प बसण्याचा अर्थ 'यांना शिकायचं नाही' असा लावला होता.

२००८ पासून निवृत्त होईपर्यंत, म्हणजे २०१३ पर्यंत, मी प्रशिक्षण केंद्रावर शिकवायला होतो. तिथे सरावासाठी एक खोटी शाखा असायची, खोटे ग्राहक, खोटे पैसे. मी पहिला दिवस बदलून टाकला. मॉनिटर-कीबोर्ड राहू द्या म्हटलं. पहिलं काम, पाच हजार रुपये मुद्दाम चुकीच्या खात्यात टाका. लोक बिचकायचे. पन्नाशीच्या बाई विचारायच्या, "सर, खरंच टाकू?" टाका. आता ते शोधा. आता उलटवा. आता बघा, आजची चूक तुम्ही दुरुस्त करू शकता, कालची असेल तर कुणाकडे जावं लागेल, आणि कुठली गोष्ट एकदा झाली की परत फिरत नाही. ही शेवटची यादी छोटी असते, ती मात्र पाठ करा. दुपारपर्यंत वर्गातला ताण उतरलेला असायचा. जे लोक सकाळी कळ दाबायला घाबरत, ते दुपारी एकमेकांना मुद्दाम चुकीच्या नोंदी करून शोधायला लावत.

आणखी एक गोष्ट केली. शिकायला येणाऱ्याच्या शाखेला आधी विचारायचो, हा परत आल्यावर याला मशीन मिळणार आहे का, आणि पहिला महिना शेजारी कोण बसणार आहे? उत्तर नसेल तर म्हणायचो, आत्ता पाठवू नका. दर वेळी माझं ऐकलं जायचं असं नाही. वर्षाअखेरीस आकडा दाखवायचा असतो, अमुक इतक्या लोकांना प्रशिक्षण दिलं म्हणून. पण ज्यांच्या बाबतीत ऐकलं गेलं, त्यांतली फारच थोडी माणसं मागे राहिली.

आता तुमच्याकडे वळतो. बँकांत २००४ साली आरटीजीएस आलं, २००५ साली एनईएफटी, २०१६ साली यूपीआय. प्रत्येक वेळी काहीतरी जुनं गेलं, काहीतरी नवं शिकावं लागलं. आज कृत्रिम बुद्धिमत्ता पत्रं लिहिते, प्रोग्राम लिहिते. ज्यांनी आमच्या टेबलावर मशीन आणली, त्यांच्याच टेबलावर आज हा प्रश्न आलाय. कुणाची नोकरी राहील आणि कुणाची जाईल हे सांगायला मी ज्योतिषी नाही. आणि 'घाबरू नका, सगळं ठीक होईल' असं म्हणायचा मला अधिकारही नाही. आमच्यामागे करार होते, पेन्शन होती, पंधरा वर्षांचा वेळ होता. तुमच्या हातात नोटीस पिरियड आहे आणि घराचा हप्ता आहे. शिवाय शिकायचं कधी, तर रात्री अकराला, मुलं झोपल्यावर, स्वतःच्या झोपेतून वेळ काढून. ज्या कामासाठी कंपनीला माणूस हवाय, ते शिकायचा वेळही कामाच्या वेळेतच मिळायला हवा, असं माझं स्पष्ट मत आहे. हे मागण्यात कमीपणा नाही.

म्हणून उपदेश न करता अनुभवाच्या तीनच गोष्टी सांगतो.

तुमच्यात जे वरच्या जागांवर आहेत, त्यांना. तुमच्या हाताखाली कुणी पंचेचाळीस-पन्नासचा माणूस अचानक गप्प झाला असेल, तर त्याला आवक-जावकच्या टेबलावर बसवू नका. आज त्या टेबलाला वेगळं नाव असेल. त्याला विचारा, "तुम्हाला नक्की कशाची भीती वाटते?" आणि उत्तर मिळेपर्यंत थांबा. त्याआधी तुम्हाला स्वतःला काय येत नाही, ते त्याला सांगा. साहेब शिकायला बसला की बाकीच्यांची लाज अर्धी होते.

जे तरुण आहेत, त्यांना. हातातून कीबोर्ड ओढून घेऊ नका. आणि ज्याला नवीन यंत्र येत नाही त्याला काहीच येत नाही असं समजू नका. नऊने भाग जातो का, हा प्रश्न कुणाला तरी सुचावा लागतो. आज यंत्र उत्तर फार झोकात देतं, पण ते चुकलंय हा वास ज्याने ते काम वर्षानुवर्षं हाताने केलंय त्यालाच आधी येतो. त्याच्या शेजारी बसा आणि तो वास कसा येतो ते विचारून घ्या, त्याला शाल घालण्याआधी.

आणि माझ्यासारखे जे आहेत, त्यांना. "मला येत नाही, शिकवशील का?" हे वाक्य घरी आरशासमोर म्हणून बघा. मग कचेरीत जाऊन म्हणा. ते लवकर म्हटलेलं बरं. माझी सहा वर्षं वाया गेली.

शेवटी घरचीच गोष्ट. दोन वर्षांपूर्वी आपल्या मंडळाची वर्गणी क्यूआर कोडवर घ्यायचं ठरलं. पंचवीस वर्षं पावतीपुस्तक सांभाळणारे आपले खजिनदार काका तेव्हा रुसले होते, हे तुम्हाला माहीत आहे. मी त्यांच्याकडे गेलो, आमच्या नातीला बरोबर घेऊन. तिने त्यांना सांगितलं, "आजोबा, आधी मला एक रुपया पाठवा." त्यांनी पाठवला. "आता मी तुम्हाला परत पाठवते." आला. "आता चुकीचा पिन टाका, काय होतं बघा." त्यांनी टाकला. पैसे गेले नाहीत. काका हसले. मग तिने सांगितलं, की बरोबर पिन टाकून भलत्याला पैसे गेले तर मात्र ते सहज परत येत नाहीत, म्हणून समोरचं नाव वाचल्याशिवाय पिन टाकायचा नाही. झाली छोटी यादी पाठ. यंदा वर्गणी क्यूआर कोडवर जमली, आणि दर संध्याकाळी काका ती वहीत उतरवून मोबाइलशी ताळा घेतात. परवा तीनशे साठचा फरक आला. त्यांनी मला फोन केला. मी काही म्हणायच्या आत तेच म्हणाले, "नऊने भाग जातो. वहीत मीच आकडे उलटे लिहिलेत."

अण्णा आता नाहीत. चार वर्षांपूर्वी गेले. ही गोष्ट त्यांना सांगायला आवडली असती.

मसालेभात निवतोय.

गणपती बाप्पा मोरया!